सूचना : कोजागरी आणि दार वाजवण्याबद्दल

सर्व सभासदांना नमस्कार,

कोजागरीच्या रात्री साडेआठला गच्चीवर मसाला दूध आहे. दूध सोसायटीतर्फे, आपापला पेला घेऊन या. वर्गणी नाही. (गेल्या वर्षी दूध उतू गेलं, या खेपेला शेगडीजवळ दोघं उभे राहतील.)

पण खरं सांगायचं ते वेगळंच. मागच्या महिन्यात बी विंगमधल्या एका काकू तापाने तीन दिवस घरात पडून होत्या. दाराला दुधाच्या पिशव्या तशाच लटकत होत्या. आपण सगळे त्यांच्यासमोरून लिफ्टने गेलो-आलो, मीसुद्धा. शेवटी विचारलं ते कचरा न्यायला येणाऱ्या मावशींनी. ग्रुपवर मात्र त्या तिन्ही दिवशी 'शुभ सकाळ' सुरू होतं.

चाळीत दारं दिवसभर उघडी असायची, त्यामुळे काही लपायचं नाही. भांडणंही नाही, हे कबूल. ते दिवस परत आणा असं कोणी म्हणत नाही. एवढंच करा : शेजारच्या दाराशी पिशवी किंवा पेपर पडून दिसला, तर बेल वाजवा. एकट्या राहणाऱ्यांनी मुलांचा किंवा नातेवाइकांचा नंबर सेक्रेटरींकडे द्यावा, तो ग्रुपवर टाकू नये. ज्येष्ठांसाठी 14567 ही सरकारी हेल्पलाइन मोफत आहे, नंबर लिफ्टशेजारी लावला आहे.

भाडेकरूंनाही आमंत्रण आहे. ते ग्रुपवर नाहीत, म्हणून त्यांना प्रत्यक्ष सांगावं लागेल. आपल्या मजल्यावरच्यांना ज्याने त्याने सांगा.

– सेक्रेटरी