गाडी सोडवण्याबद्दल

नंदुरबार

प्रिय सुधाकर,
सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र मिळालं. कांद्याच्या गोण्यांखाली दारूचे खोके निघाले, पिकअप गुजरात पोलिसांनी धरली, ड्रायव्हर आत आणि तू इकडे हप्ते भरतोयस. ‘यात माझा काय गुन्हा?’ असं विचारतोस. कोर्ट तेही विचारेल, पण बऱ्याच उशिरा. तोवर गाडी ठाण्याच्या आवारात ऊन-पाऊस खात उभी राहणार, म्हणून आधी तिचं बघू.

गाडी अजून सरकारजमा झालेली नाही, ती मुद्देमाल म्हणून ताब्यात आहे. एरवी अशी गाडी मॅजिस्ट्रेट सुपुर्दनाम्यावर, म्हणजे बोलावलं की हजर करीन अशी लेखी हमी घेऊन, मालकाला देतात. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 451 खाली अर्ज व्हायचा, जुलै 2024 पासून नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या 497 खाली होतो. पण गुजरातेत एक मेख आहे. कायदा मुळात आपला नि त्यांचा एकच, 1949 चा मुंबई दारूबंदी कायदा. 1960 साली राज्यं वेगळी झाली तेव्हा दोघांकडेही तो राहिला. आपण वर्ध्या-गडचिरोलीसारखे दारूबंदीचे जिल्हे सोडले तर परवाने देत बसलो, त्यांनी तो आवळत नेला. तिथल्या कलम 98 मध्ये दुरुस्ती आहे: ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त दारू सापडली, तर अंतिम निकालापर्यंत वाहन जामिनावर सोडायचं नाही. निकाल कधी, ते देवाला ठाऊक.

त्यामुळे खालच्या कोर्टात ‘आमचे हात बांधलेले आहेत’ असं ऐकायला मिळालं तर खचू नकोस. अशा कितीतरी गाड्या अहमदाबादच्या हायकोर्टाने रिट अर्जावर सोडल्या आहेत. आधार बहुतेक वेळा एकच, सुंदरभाई अंबालाल देसाई खटल्यातला सुप्रीम कोर्टाचा 2002 चा निकाल. गाड्या ठाण्यात सडत ठेवण्यात कुणाचंच हित नाही. फोटो काढा, पंचनामा करा, बंधपत्र घ्या आणि परत द्या, असं कोर्टाने सांगितलं. गंमत म्हणजे त्या खटल्यात आरोपी होते सुरतचे पोलीस, आणि आरोप मुद्देमालातच हात मारल्याचा! अटी मात्र लागतील: गाडी विकायची नाही, रंगरूप बदलायचं नाही, बोलावलं की हजर करायची.

बिहारमध्ये तर याहून अवघड. तिथे 2016 च्या कायद्यात सरकारजमा करण्याचा अधिकार कोर्टाला नाही, जिल्हाधिकाऱ्याला. नुसता पिऊन मोटारसायकल चालवणाऱ्याचीही गाडी अडकली, आणि गाडीतून दारूची वाहतूक होत नसेल तर ती कशी घेता, असा सवाल शेवटी पाटणा हायकोर्टाने केला. 2022 मध्ये दुरुस्ती करून दंड भरून गाडी सोडवायची वाट ठेवली. मला ती वाट पटत नाही. निर्दोष मालकाने दंड भरायचा तो कशाबद्दल?

आता तुझ्या प्रश्नाकडे येतो. गुजरातच्या त्याच दारूबंदी कायद्याचं कलम 99 मालकाच्या बाजूचं आहे. गुन्हा होऊ नये म्हणून आपण योग्य काळजी घेतली होती, असं तू कोर्टाला पटवून दिलंस तर वाहन सरकारजमा होत नाही. पण पटवायचं तू, त्यांनी नव्हे. ‘मला माहीतच नव्हतं’ एवढ्यावर भागत नाही. ड्रायव्हरला ठेवताना लायसन्स पाहिलं होतंस का, माल कुणी भरला, बिल्टी (मालाची वाहतूक-पावती) कुणाच्या नावे होती, जीपीएसवर गाडी आडवाटेला कुठे थांबलेली दिसते, हे सगळं निघेल. जीपीएसची नोंद आजच उतरवून घे, कंपन्या ती कायमची ठेवत नाहीत. ड्रायव्हरशी झालेले मेसेज पुसू नकोस, तुला गैरसोयीचे असले तरी.

फायनान्स कंपनीला लेखी कळव, कारण आरसीवर त्यांचा बोजा आहे. ठाण्याबाहेर कुणी ‘साहेबांशी बोलून देतो’ म्हणाला तर पैसे देऊ नकोस. आणि ड्रायव्हरवर कितीही राग असला तरी त्याच्या घरी एकदा फोन कर. खोके कुणाचे होते हे त्यालाच ठाऊक, आणि त्या मालकाचं नाव कागदावर येईल असं मला वाटत नाही.

आरसी, विमा, फिटनेस, बिल्टी आणि पंचनाम्याची नक्कल एवढं स्कॅन करून पाठव. पंचनाम्यात किती लिटर लिहिलंय ते मला आधी फोनवर सांग, पुढचं सगळं त्या आकड्यावर ठरणार आहे. वहिनींना नमस्कार.

तुझा,
अरुण