निरवकाश

पुणे, रविवार

प्रिय मित्रा,

परवा रात्री तू तुझ्या वडिलांच्या, अप्पांच्या, पोस्टकार्डाचा फोटो पाठवलास आणि खाली लिहिलंस: “बघ, यांच्या लेखी माझं पदवीदान सावकाश होतं.” दोन रात्री ती ओळ डोक्यातून गेली नाही. फोनवर बोलून भागणार नाही असं वाटलं, म्हणून लिहायला बसलोय.

कार्ड मी मोठं करकरून पाहिलं. १५ पैशांचं कार्ड, १९८६ चा शिक्का, निळी शाई, आणि अप्पांचं ते डावीकडे झुकलेलं अक्षर. मजकूर चारच ओळींचा: “अनेक आशीर्वाद. पत्र पावले. तुझा समारंभ सावकाश, येथील काम निरवकाश. सबब येणे होत नाही. कपडे नीट घालून जाणे.” तू लिहिलंयस की दुसरा शब्द तेव्हा तू ‘नीरव’सारखा वाचलास, म्हणजे घरी सगळं शांत आहे, काही विशेष नाही. आणि पहिला तर सरळच होता. सावकाश. पोराचा समारंभ काय, होईल सावकाश. मुंबईच्या हॉस्टेलवर एकवीस वर्षांच्या मुलाने हे वाचलं, आणि ते त्याच्या मनात इतकी वर्षं राहिलं. मला खरंच वाईट वाटलं. कारण ते कार्ड असं वाचायचं नाहीये. अप्पांनी ते दोन्ही शब्द बोलभाषेतल्या अर्थाने वापरलेले नाहीत.

आधी शब्द फोडू. निर् आणि अवकाश. नि-रव-काश नव्हे, निर्-अवकाश. ज्याला अवकाश नाही तो निरवकाश. आणि स म्हणजे सहित. ज्याला अवकाश आहे तो सावकाश. जोडीचे शब्द आहेत हे, एकाच आईचे. एक आपल्या रोजच्या बोलण्यात आला आणि हळूहळू ‘हळूहळू’ होऊन बसला. दुसरा पोथ्यांतच राहिला.

‘अवकाश’ हा मराठीत किती अजब शब्द आहे ते बघ. ‘गाडीला अजून अवकाश आहे’ म्हणतो तेव्हा तो वेळ असतो. ‘अवकाशयान’ म्हणतो तेव्हा ती जागा असते, तीही अफाट. १९८४ साली राकेश शर्मा वर गेले तेव्हा अप्पांनी फळ्यावर ‘अवकाश’ आणि ‘आकाश’ एकाखाली एक लिहून दोन्हींतल्या ‘काश’खाली रेघ ओढली होती, असं त्यांच्या वर्गातली पोरं सांगायची. त्या धातूचा अर्थ प्रकाशणं, दिसणं. म्हणजे जिथे काही दिसू शकेल, प्रकट होऊ शकेल अशी मोकळीक. हिंदीवाल्यांनी याच शब्दाची रजा केली. दिल्लीत दारावरच्या पाटीवर ‘अवकाशप्राप्त’ वाचून मला क्षणभर कळेना की या गृहस्थांना नक्की काय प्राप्त झालंय. ते निवृत्त झाले होते.

आणि आपला तो खास मराठी वापर: ‘काकूंनी कढईत फोडणी घालायचा अवकाश, की तू मागच्या दाराशी हजर.’ इथे अवकाश म्हणजे मधली फट. एक गोष्ट घडायला आणि दुसरी घडायला जेवढं अंतर उरलंय, तेवढंच.

लग्नाच्या पंगतीत यजमान हात जोडून रांगेतून फिरतात आणि प्रत्येक पानाशी वाकून म्हणतात, “सावकाश होऊ द्या.” त्यात ‘हळू जेवा’ असं काही नसतं रे. दारात पुढची पंगत ताटकळत उभी असते, वाढपी जिलबीचं ताट घेऊन पळत असतात, पोरं मठ्ठा सांडत असतात. आणि तो माणूस तुम्हाला सांगत असतो की या सगळ्या गर्दीत तुमच्या पानाभोवतीची जागा तुमची आहे, कुणी उठवणार नाही. जुना अर्थ तिथे अजून जिवंत आहे. घाटातल्या वळणावरच्या ‘वाहने सावकाश चालवा’ या पाटीत तो पार पुसला गेलाय.

आता अप्पांचा अर्थ. तू अकरावीला सायन्स घेऊन बाहेर पडलास, मी त्यांच्या ओसरीवर आणखी तीन वर्षं व्याकरण शिकत बसलो, म्हणून हे मला माहीत आहे आणि तुला नाही. पाणिनीच्या व्याकरणात ‘सावकाश’ आणि ‘निरवकाश’ ही नियमांची विशेषणं आहेत. नियमाचा अवकाश म्हणजे तो लागू पडेल अशी जागा. भिंतींची जागा नव्हे, नुसती वाव असण्याची जागा.

शाळेतला राम आठव. रामाभ्याम्, रामेभ्यः, रामेषु. आपण घोकलं, पण रामाभ्याम् मध्ये आ आणि रामेभ्यः मध्ये ए का, हे कुणी विचारलं नाही. अप्पांनी मला एका संध्याकाळी समजावलं. एक सूत्र सांगतं, पुढे भ्याम् सारखा प्रत्यय आला की रामातला शेवटचा अ दीर्घ कर. दुसरं सूत्र सांगतं, अनेकवचनात अमुक व्यंजनं पुढे आली की त्याच अ चा ए कर. पहिल्याला रामाभ्याम् मध्ये जागा मिळते, दुसऱ्याला रामेषु मध्ये. पण रामेभ्यः च्या दारात दोघेही एकदम येऊन उभे राहतात. मग आत कोण जाणार? पाणिनी म्हणतो, विप्रतिषेधे परं कार्यम्. झगडा झाला तर सूत्रपाठात जे नंतर आलंय ते जिंकेल. ए चं सूत्र नंतरचं, म्हणून रामेभ्यः. काशिका या पाणिनीवरच्या जुन्या टीकेत हेच उदाहरण ‘वृक्ष’ शब्दावर दिलंय.

पण हा निवाडा कधी? दोघेही सावकाश असतील तेव्हा. हरला त्याला जायला दुसरीकडे घर आहे, म्हणून हरवता येतं. दोघांपैकी एकाला जर दुसरीकडे कुठेच जागा नसेल, म्हणजे तो निरवकाश असेल, तर मग आधीचं-नंतरचं काही बघायचं नाही. तो जिंकतो. कारण इथूनही त्याला बाहेर काढलं तर पाणिनीने ते सूत्र सांगितलं तरी कशाला? ते फुकट जाईल.

अप्पा हे सांगताना नेहमी ताकाची गोष्ट सांगत. पाणिनीच्या सूत्रांवरच्या पतंजलीच्या महाभाष्यातली, म्हणजे दोन हजार वर्षांहून जुनी. ‘ब्राह्मणांना दही द्या, कौंडिण्याला ताक द्या.’ कौंडिण्यही ब्राह्मणच, मग त्याला दही का नाही? त्यावर अप्पांचं उत्तर ठरलेलं. दह्याला जायला बाकीची सगळी पंगत पडली आहे, ताकाला मात्र एकटा कौंडिण्य. त्याच्या पानावरूनही ताकाला उठवलंत तर ते बिचारं कुठे जाईल? ‘ताकाला’ म्हणताना ते असं बोलत की जणू ताक दाराशी चपला हातात घेऊन उभं आहे. पतंजली आणखी एक बारीक गोष्ट सांगतो, की कौंडिण्याला दही आणि ताक दोन्ही वाढणं शक्य असतानाही दही मागे घेतलं जातं. अपवाद आणि निरवकाश यांत शास्त्री लोक पुढे आणखी भेद करतात, त्यात आत्ता शिरत नाही.

हे सगळं नागेशभट्टाच्या ‘परिभाषेन्दुशेखरा’त मुरवून ठेवलेलं आहे. नागेश म्हणजे अठराव्या शतकात काशीत राहून लिहिणारा मराठी माणूस, आडनाव काळे. अप्पा त्याला ‘आपले काळे’ म्हणत. त्या ग्रंथाचं संपादन आणि इंग्रजी भाषांतर कीलहॉर्न या जर्मन पंडिताने केलं, तेही आपल्या पुण्यात डेक्कन कॉलेजात शिकवत असताना. १८६८ ते १८७४ ही त्या छपाईची वर्षं. त्याची एक फाटकी प्रत अप्पांच्या फडताळात होती. कव्हर नव्हतं, कडा वाळवीने खाल्लेल्या. ती अजून आहे का रे? माळ्यावर बघशील का?

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे सांगायला हवी, नाहीतर तुला वाटेल की निरवकाश म्हटलं की दरवेळी हुकमी विजय. तसं नाही. वेदान्ताचा मूळ ग्रंथ म्हणजे ब्रह्मसूत्रं, त्यांच्या दुसऱ्या अध्यायाचं पहिलंच सूत्र यावर आहे. तिथे पूर्वपक्षी, म्हणजे आधी आक्षेप मांडणारा, म्हणतो, मनू वगैरेंच्या स्मृतींना धर्म सांगायला भरपूर जागा आहे, त्या सावकाश आहेत. कपिलाचा सांख्यविचार मात्र मोक्षाच्या ज्ञानासाठीच सांगितलेला. तिथेच त्याला जागा नाकारलीत तर तो निरवकाश होऊन फुकट जाईल, म्हणून श्रुतीचा, म्हणजे वेदांचा, अर्थ त्याच्याशी जुळवून घ्या. शंकराचार्य हे मान्य करत नाहीत. तुझ्यासाठी जागा केली तर दुसऱ्या स्मृती बेघर होतील, असं ते बजावतात. म्हणजे ‘मला दुसरी जागा नाही’ एवढं म्हणून भागत नाही. मागणारा खरा आहे का, आणि त्याला जागा देताना उठवायचं कुणाला, हे बघावं लागतं.

आता परत कार्डाकडे ये. ‘तुझा समारंभ सावकाश, येथील काम निरवकाश.’

दोन सूत्रं एकाच तारखेला एका माणसाच्या दारात येऊन उभी होती. तुझं पदवीदान आणि काकूंचं, तुझ्या आईचं, दुखणं. तू मुंबईत होतास, सुट्टीत यायचास तेव्हा काकूंना उठवून खुर्चीत बसवलेलं असायचं, केस विंचरलेले असायचे. मी रोज संध्याकाळी यायचो. अर्धांगानंतर काकूंचं बोलणं कुणालाच कळत नव्हतं. मला नाही, शेजारच्या मावशींना नाही, डॉक्टरांना नाही. त्या ‘आ’ आणि ‘व’ यांच्या मधला काहीतरी आवाज काढायच्या आणि अप्पा उठून खिडकीचा उजवीकडचाच दरवाजा लोटायचे. तसाच आवाज पुन्हा आला की पाणी. मला दोन्ही आवाज एकच वाटायचे. मी एकदा पाणी नेऊन दिलं, तर त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांना पांघरूण हवं होतं. त्या घरात त्या कामाला दुसरा माणूस नव्हता. अप्पा एक दिवस मुंबईला गेले असते तर काकूंनी तो दिवस मुक्याने काढला असता.

तुझ्या समारंभाला जागा होती. टाळ्या वाजवायला तुझे मित्र होते, मामा होते, मी रात्रीच्या गाडीने आलो होतो. आणि त्या दिवसानंतरही तुझं कौतुक करायला अप्पांना आयुष्य होतं, ते त्यांनी केलंही. तुझा नेमणुकीचा कागद त्यांनी पंचांगात घालून ठेवला होता, दरवर्षी जुन्या पंचांगातून नव्यात. तुझा समारंभ बिनमहत्त्वाचा असं त्यांनी कुठे लिहिलंय? महत्त्वाचा नसता तर झगडाच झाला नसता. सावकाश हा शब्द झगड्यात उभ्या असलेल्या सूत्रालाच लावतात.

आणि एक. मी निघालो त्या दुपारी तुमच्या घरी निरोप घ्यायला गेलो होतो. मधल्या खोलीत खुंटीवर अप्पांचा काळा कोट होता, इस्त्री केलेला. खाली खुर्चीवर धुवट धोतराची घडी. कार्ड टाकेपर्यंत त्यांचं ठरत नव्हतं. मी कोटाकडे बघतोय हे पाहून ते म्हणाले, “राहू दे तो तिथे.” एवढंच. मला वाटत होतं की कार्डात त्यांनी तुला सगळं कळवलंय, आणि कळवलंच होतं. तुला तो शब्द येत नसेल हे ना त्यांच्या लक्षात आलं ना माझ्या. ही चूक आम्हा दोघांची. त्यांना वाटलं, माझा मुलगा आहे, समजेल.

तू विचारलं आहेस की हा शब्द आज कुणी वापरतं का. जवळजवळ नाही. क्वचित एखाद्या जुन्या माणसाच्या पत्रात ‘हल्ली निरवकाश आहे’ म्हणजे उसंत नाही, अशा अर्थाने सापडतो. काही जण दाटीवाटीच्या वस्तीला लावतात, ते मला पटत नाही. त्याला आपल्याकडे गच्च आहे, खच्चून आहे, मुंगी शिरायला जागा नाही आहे. हा शब्द गर्दीचा नाही. गर्दीत घुसमटलेल्याला बाहेर जाता येतं. ज्याला बाहेरच नाही, त्याच्यासाठी हा ठेवावा, असं मला वाटतं. रात्रीच्या पाळीला एकटीच असलेली नर्स. ज्यांना दुसऱ्या कुणाचा आवाज चालत नाही अशा आंधळ्या आजोबांना वाचून दाखवणारी नात.

बाकी इथलं सगळं ठीक. गुडघा बरा आहे, जिना अजून बेताने चढतो. पुढच्या महिन्यात वाईला येतोय, तेव्हा माळ्यावर दोघं मिळून चढू.

आणि ते कार्ड लॅमिनेट करणार म्हणाला होतास, ते करू नकोस. त्या उष्णतेने जुन्या कार्डाला इजा होऊ शकते. बटरपेपरमध्ये घालून वहीत सरळ ठेव. कडेला उजवीकडे पाण्याचा डाग दिसतोय, तो तुझ्याकडचा का पोस्टातला?

तुझाच