कणकुंबीचे रान आणि नविलुतीर्थाचे धरण : वन व पर्यावरण मंत्र्यांना खुले पत्र

मा. वन व पर्यावरण मंत्री,
कर्नाटक शासन, विधानसौध, बेंगळुरू यांस

सविनय नमस्कार.

मलप्रभा आणि म्हादई या दोन्ही नद्या आमच्या खानापूर तालुक्यात उगम पावतात. कणकुंबीची मलप्रभा पूर्वेकडे जाऊन कूडलसंगमास कृष्णेला मिळते, तर म्हादई घाट उतरून गोव्यातून समुद्र गाठते. एकाच बेळगाव जिल्ह्यात इकडे पावसाळाभर घोंगडी वाळत नाही आणि तिकडे रामदुर्ग, अथणीला ढगांकडे डोळे लावून बसावे लागते.

म्हादई जलतंटा लवादाने ऑगस्ट २०१८ मध्ये कर्नाटकाला १३.४२ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी दिले, त्यांपैकी ३.९ टीएमसी कळसा-भांडुरा या म्हादईच्या उपनद्यांवरील प्रकल्पामार्फत मलप्रभेत वळवायचे आहे. हुबळी-धारवाडला पिण्याचे पाणी हवे, याविषयी आमचा वाद नाही. नळाची आठ-आठ दिवस वाट पाहणे काय असते, हे बेळगावकरांनाही ठाऊक आहे. आमचे म्हणणे एवढेच की, सौंदत्तीजवळचे नविलुतीर्थाचे धरण ज्या डोंगरांच्या पावसावर भरते, त्याच डोंगरांवरील रान कालवे आणि जलवाहिन्यांसाठी तोडले, तर मलप्रभेला एका हाताने दिलेले पाणी दुसऱ्या हाताने काढून घेतल्यासारखे होईल. झाडांच्या मुळांनी धरून ठेवलेले पाणी झऱ्यांतून दिवाळीनंतरही वाहते. उघड्या उतारावरचे पाणी मातीसह चार दिवसांत निघून जाते आणि ती माती शेवटी धरणातच बसते. शिवाय कमी पाण्याच्या पिकांसाठी आखलेल्या लाभक्षेत्रात आज ऊस उभा आहे, त्याचा हिशेब कोणी मांडायचा?

२०११ मध्ये आमच्या तालुक्यात भीमगड अभयारण्य घोषित झाले, हे शासनाचे चांगलेच काम. मात्र सप्टेंबर २०२४ मध्ये मंत्रिमंडळाने पश्चिम घाटाचा मोठा भाग पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून राखावा असे सांगणारा कस्तुरीरंगन समितीचा अहवाल फेटाळला. शेत-घर जाईल ही भीती आमच्या गावांतही होती, नाही असे नाही. पण ज्यांनी ती बाळगली, त्यांतल्या किती जणांना तो अहवाल स्वतःच्या भाषेत वाचायला मिळाला होता?

म्हणून विनंती की, पाणलोटातील एकही झाड तोडण्यापूर्वी उसाला ठिबक सक्तीचे केल्यास किती पाणी वाचेल, याचा हिशेब जाहीर करावा. प्रकल्पाची कागदपत्रे कन्नडबरोबर मराठीतही गावोगावी द्यावीत आणि त्यानंतरच ग्रामसभा घ्यावी. ती सभा कृपया आषाढात ठेवू नये; तेव्हा सारे गाव रोप लावणीला शेतात असते.

आपला नम्र,
खानापूर तालुक्यातील एक भात उत्पादक