अभिनेत्री मैत्रिणीस, मानसशास्त्राच्या वाटेवर निघताना

पुणे

प्रिय चिमे,

तुझा लांबलचक व्हॉइस मेसेज ऐकला. मागे सेटवरचा गोंधळ, कुणीतरी लाइट सरकवायला सांगतंय, आणि मध्येच तू अगदी हळू विचारतेस, “मी थेरपिस्ट व्हायचं म्हटलं तर वेडेपणा होईल का गं?” फोनवर उत्तर द्यायला गेले असते तर “कर, कर” म्हणून मोकळी झाले असते. तेवढंच ऐकण्यासाठी तू विचारलेलं नाहीस, म्हणून लिहायला बसले.

तुझ्या मनात दोन प्रश्न आहेत. बेचाळिसाव्या वर्षी नव्यानं शिकायला बसायचं का, हा एक. आणि रोज संध्याकाळी घराघरांत दिसणारा चेहरा घेऊन एखाद्याचं दुःख ऐकायला बसता येईल का, हा दुसरा. पहिल्याचं उत्तर सोपं आहे. पत्र लांबणार आहे ते दुसऱ्यामुळे.

पामेला स्टीफन्सन हे नाव तुझ्या कानावरून गेलंय का? १९४९ साली न्यूझीलंडमध्ये, ऑकलंडच्या टाकापुना भागात ती जन्मली. लहानाची मोठी झाली ऑस्ट्रेलियात, सिडनीतल्या नाट्यसंस्थेत अभिनय शिकली आणि सत्तरच्या दशकात लंडनला आली. १९७९ ते १९८२ या वर्षांत बीबीसी टूवर ‘नॉट द नाइन ओक्लॉक न्यूज’ नावाचा विनोदी कार्यक्रम लागायचा. बीबीसी वनवर नऊच्या बातम्या चालू असत त्याच वेळी हा लागायचा, म्हणून ते नाव. त्यात रोवन अ‍ॅटकिन्सन, म्हणजे ज्याला आपण मिस्टर बीन म्हणून ओळखतो तो, मेल स्मिथ, ग्रिफ ऱ्हिस जोन्स, आणि मुख्य चमूत ही एकटी बाई. बातम्या देणाऱ्या अँजेला रिपनची ती अशी नक्कल करायची की ब्रिटनभर नाव झालं. पुढे अमेरिकेत ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’च्या १९८४-८५ च्या हंगामातही ती होती. स्कॉटलंडचा प्रसिद्ध विनोदवीर बिली कॉनोली याच्याशी तिनं १९८९ मध्ये लग्न केलं. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला त्याच्या टीव्हीच्या कामासाठी सगळं घर लॉस एंजेलिसला हललं. तिन्ही मुली लहान होत्या, धाकटी तर १९८८ ची. आणि तिथे ही बाई मानसशास्त्र शिकायला बसली. १९९६ मध्ये क्लिनिकल सायकॉलॉजीतली, म्हणजे मानसिक त्रासावरच्या उपचारांच्या मानसशास्त्रातली, डॉक्टरेट मिळाली तेव्हा ती सेहेचाळीस वर्षांची होती. मग बेव्हर्ली हिल्समध्ये स्वतःची प्रॅक्टिस.

म्हणजे वयाचा प्रश्न मिटला. त्यावर आता वेळ घालवू नकोस.

मला तिच्या डिग्रीपेक्षा मधल्या वर्षांविषयी तुझ्याशी बोलायचंय. कॅलिफोर्नियात मानसशास्त्रज्ञाचा परवाना हवा असेल तर परीक्षांच्या जोडीला ३,००० तास कुणा जाणत्याच्या देखरेखीखाली काम करावं लागतं. विचार कर. तीन हजार तासांच्या त्या कामात तू माणसांसमोर बसणार, आणि प्रत्येक आठवड्याला कुणीतरी वरिष्ठ तुला विचारणार की त्या क्षणी तू तेच का बोललीस, गप्प का राहिली नाहीस, तुला राग आला होता का, तो कुणाचा होता. जिच्या एका नकलेवर स्टुडिओभर हशा व्हायचा तिनं हे सगळं केलं. मला तिच्याविषयी आदर वाटतो तो यासाठी.

आता दुसरा प्रश्न. तू सांगितलंस की लग्नकार्यात, विमानतळावर बायका तुझा हात धरतात आणि थेट आपल्या सासरचं सांगायला लागतात. तुझ्या डोळ्यांत पाणी येतं, त्यांनाही हलकं वाटतं, आणि तिथूनच तुझ्या मनात हे आलं. हे खरं आहे आणि चांगलंही आहे. पण चिमे, त्या बायका तुझ्याशी बोलत नाहीत गं. त्या मालिकेतल्या तुझ्या वहिनीशी बोलतात, जी तीन वर्षं सगळं सोसते आणि कुणाला उलटून बोलत नाही. उद्या त्यांतलीच एखादी तुझ्यासमोर खुर्चीत बसली तर तिला त्या वहिनीचा चांगुलपणा हवा असेल. तू तिची वेळ संपली म्हणून सांगशील, फी घेशील, तिच्या नवऱ्याला नावं ठेवायला नकार देशील, आणि तिला फसवल्यासारखं वाटेल. आम्हा थेरपिस्टांच्या भाषेत याला ट्रान्सफरन्स म्हणतात. माणूस थेरपिस्टमध्ये आपली आई, बाप, बहीण बघतो आणि तसाच वागायला लागतो. ते प्रत्येकाच्या वाट्याला येतं. तुझ्या बाबतीत ते दाराबाहेरूनच तयार होऊन येणार, एवढाच फरक, पण फरक मोठा आहे.

पामेला ज्या शहरात थेरपिस्ट झाली तिथे तिचा चेहरा लंडनइतका ओळखीचा नव्हता, आणि याचा तिला उपयोग झाला असणार असं मला वाटतं. तुला तशी सोय नाही. ठाण्यात बस, नाशकात बस नाहीतर न्यू जर्सीच्या मराठी मंडळात बस, तुला ओळखणारं कुणीतरी निघणारच. तेव्हा लपवण्यात अर्थ नाही. पहिल्याच भेटीत विषय काढायचा: तुम्ही मला टीव्हीवर बघता का, बघत असाल तर इथे माझ्याशी बोलताना कसं वाटेल? आणि ज्यांना जड वाटेल त्यांना मनापासून दुसऱ्या चांगल्या थेरपिस्टकडे पाठवायचं. आणखी एक गोष्ट लोक विसरतात. तुझ्या दारात दिसणारा माणूस इतरांच्याही नजरेत येतो. बाहेर सेल्फीसाठी थांबलेल्या मुली असतील तर आत येणाऱ्याची गुप्तता राहिली कुठे? २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्यानं गोपनीयता हा त्या माणसाचा हक्क ठरवलाय. म्हणून निदान सुरुवातीची काही वर्षं तू स्वतःच्या नावाची पाटी न लावता एखाद्या रुग्णालयात किंवा संस्थेत काम करावंस असं मला वाटतं. तिथे दहा कारणांनी माणसं ये-जा करत असतात.

तुझ्या अभिनयाचं काय? तो उपयोगाचा आहे का अडचणीचा? मी यावर खूप विचार केला.

उपयोगाचा नक्की आहे. जेकब मोरेनो नावाचा डॉक्टर १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला व्हिएन्नात एक नाट्यगृह चालवायचा. संहिता नाही, कलाकारांनी तिथल्या तिथे प्रसंग उभा करायचा. त्याच्या मंडळींत एक अभिनेत्री होती. त्यानं लिहिताना तिला बार्बरा म्हटलंय. सोज्वळ, हळव्या भूमिकांसाठी ती प्रसिद्ध. तिच्या नवऱ्यानं एकदा मोरेनोकडे येऊन सांगितलं की घरी ही बाई शिव्या देते, अंगावर धावून येते. मोरेनोनं तिला एका वस्तीतल्या, रस्त्यावर उभ्या राहणाऱ्या बाईची भूमिका दिली. ती रंगमंचावर ओरडली, शिव्या दिल्या, हात उगारला. तिनं स्वतःहून आणखी तशा भूमिका मागितल्या, आणि नवरा सांगू लागला की घरी भांडण पेटलं तरी तिला मध्येच हसू येतं, रंगमंचावरची ती बाई आठवते. पुढे मोरेनो अमेरिकेत गेला, आणि ज्याला सायकोड्रामा म्हणतात ती, प्रसंग रंगवून उपचार करण्याची पद्धत त्यानं उभी केली, तिच्या मुळांशी हा अनुभव आहे. म्हणजे या उपचाराच्या जन्माच्या वेळी एक नटी हजर होती, आणि ती सतत गुणी भूमिका करून दमलेली होती. हे वाचताना मला तुझीच आठवण झाली. तू इतकी वर्षं पडद्यावर सोसते आहेस, तुझा राग कुठे जातो?

अडचण कुठे आहे तेही सांगते, कारण हे तुला दुसरं कुणी सांगणार नाही. तू मला सेटवर नेलं होतंस तेव्हा तुझा क्लोज-अप घेत होते. समोरचा कलाकार पॅकअप करून गेलेला. असिस्टंट मुलगा त्याची वाक्यं सपाट आवाजात वाचत होता आणि तू त्याच्याकडे बघून अशी कळवळलीस की मॉनिटरवर बघताना माझा गळा दाटून आला. ही तुझी कमाई आहे, वर्षानुवर्षं बारा-बारा तासांच्या शिफ्ट करून मिळवलेली. पण ऐकण्याचा चेहरा तुला न ऐकताही करता येतो. आम्हा बाकीच्यांचं लक्ष उडालं तर ते दिसतं, क्लायंट म्हणतो, “मॅडम, तुम्ही दमलात का?” आणि काम रुळावर येतं. तुझं लक्ष उडालं तर कुणाला कळणारच नाही. ज्या माणसांनी लहानपणी घरात खोटी माया बघितलेली असते त्यांना मात्र ते आतून कळतं, आणि ती माणसं काही न सांगता यायची बंद होतात. तुझ्या सुपरव्हिजनमध्ये, म्हणजे वरिष्ठांच्या त्या देखरेखीत, हा विषय पहिल्या दिवसापासून असायला हवा. आणि शांतता. तुमच्याकडे दोन वाक्यांत जागा राहिली तर एडिटर कापतो. इथे एखादी बाई चार मिनिटं काही बोलत नाही, आणि त्या चार मिनिटांत तिचं सगळ्यात मोठं काम चाललेलं असतं. तेव्हा तिला सावरायला जायचं नाही.

पामेलानं केलेलं सगळं मला पटतं असं समजू नकोस. २००७ मध्ये तिनं ब्रिटनच्या एका चॅनेलवर प्रसिद्ध माणसांच्या मुलाखती घेतल्या, अगदी थेरपीच्या धर्तीवर. स्टीफन फ्राय आला, रॉबिन विल्यम्स आला. ती फार छान ऐकते, ही माणसं मोकळी होतात, आणि तरी मी अस्वस्थ होते. समोर कॅमेरा आहे हे विसरून माणूस जे बोलतो त्याची किंमत पुढे त्यालाच द्यावी लागते. साठच्या दशकात कॅलिफोर्नियात ग्लोरिया नावानं ओळखल्या जाणाऱ्या एका स्त्रीनं तीन नामवंत थेरपिस्टांसोबतची सत्रं विद्यार्थ्यांना शिकवण्यासाठी चित्रित करू दिली. कार्ल रॉजर्स आणि अल्बर्ट एलिस त्यांतले दोघे. ती फिल्म पुढे वर्गाबाहेर, टीव्हीवरही दाखवली गेली. तुझ्याकडे उद्या एखादा चॅनेल असाच कार्यक्रम घेऊन येईल, आणि नक्की येईल, तेव्हा ‘नाही’ म्हण. मानसिक आरोग्यावर सर्वसाधारण बोलायला जरूर जा. कुणाचं आयुष्य उघडं करायला जाऊ नकोस. क्लायंटचं रडणं तुझ्या पुढच्या भूमिकेत उतरता कामा नये, हेही त्यातच आलं.

२००१ मध्ये पामेलानं नवऱ्याचं चरित्र लिहिलं. बिलीवर लहानपणी बापाकडून झालेला लैंगिक अत्याचार त्यातून जगासमोर आला. ते त्याच्या संमतीनं झालं आणि अनेक पुरुषांना त्यानं धीर आला असेल. तरी तुला माझं सांगणं आहे, घरातल्यांची तू बायको, सून, आई राहा. तुझ्या घरच्या वहिनींना गरज वाटली तर माझ्या ओळखीतल्या कुणाकडे पाठव.

तिनं अभिनय कायमचा सोडला का, हा तुझा खरा धाक, मला माहीत आहे. लोकांसमोर येणं तरी तिनं सोडलं नाही. २०१० मध्ये, साठीत, ‘स्ट्रिक्टली कम डान्सिंग’ या ब्रिटनच्या टीव्हीवरच्या नाचाच्या स्पर्धेत ती नाचली आणि तिसरी आली. आणि इतक्या लांब तरी कशाला जायचं? आपल्या पुण्यात डॉ. मोहन आगाशे आहेत. ‘घाशीराम’मधला नाना फडणवीस रंगवणारा हा माणूस बी. जे. मेडिकलमध्ये मानसोपचार शिकवत होता. १९९३ च्या किल्लारीच्या भूकंपानंतर तिथल्या लोकांच्या मनावर काय परिणाम झाले याच्या अभ्यासाचं काम त्यांच्याकडे होतं. लोकांनी त्यांना नटही मानलं आणि डॉक्टरही मानलं. पण ते आधी डॉक्टर झाले होते हे लक्षात घे. तुला उलट्या दिशेनं जायचंय, लोक जास्त कसून बघतील. म्हणून अभ्यासात कुठेही कसर नको.

आणि यासाठीच तू पाठवलेल्या त्या वीकेंड कोर्सच्या जाहिरातीवर मी फुली मारली आहे. आपल्याकडे ‘समुपदेशक’ अशी पाटी लावायला आजवर कुणी फारसं अडवलेलं नाही. २०२१ च्या कायद्यानं हे क्षेत्र नियमात आणायला सुरुवात केली आहे. पण क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणवून घ्यायचं तर पुनर्वास परिषदेची, आरसीआयची, नोंदणी लागते, आणि ती मानसशास्त्राच्या नेहमीच्या एम.ए.वर मिळत नाही. आधी एम.ए. मग पुढचं प्रशिक्षण रुग्णालयात, पूर्ण वेळ. तेव्हा मालिका करता येणार नाही, हे आत्ताच मनाशी धर. एम.ए.च्या काळात महिन्यातले ठराविक दिवस शूटिंग जमू शकेल. स्वतःही थेरपी घे, लवकर सुरू कर, आणि माझ्याकडे नको.

माझं मत विचारशील तर तू हे करावंस. पोरवयात शाळेच्या मागच्या पायरीवर बसून वर्गातल्या मुली तुलाच सगळं सांगायच्या, आणि त्यातलं एक अक्षरही तू कधी बाहेर काढलं नाहीस, मलासुद्धा सांगितलं नाहीस. ते तुझ्यात मालिकेच्या आधीपासून आहे.

आता कामाचं. मालिकेतला तुमचा ट्रॅक कधी संपतोय ते प्रॉडक्शनला स्पष्ट विचार, आणि करार पुढे वाढवताना महिन्याला किती दिवस द्यायचे ते लिहून घे. तुझं बी.कॉम. आहे, काही विद्यापीठं एम.ए.ला दुसऱ्या शाखेचे विद्यार्थी घेतात, काही घेत नाहीत. मी त्यांची माहिती काढते. मार्कशीटच्या प्रती काढून ठेव. सुट्टीच्या रविवारी इकडे ये, दोघी मिळून फॉर्म भरू. काकूंना माझा नमस्कार सांग, चिनूला पापा.

तुझीच,
मैत्रीण