एवढ्याशा पतंगासाठी

नागपूर, १८ जानेवारी

तीर्थरूप आई आणि बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

त्रिमूर्तीनगरातून महालात यायला मला फार वेळ लागत नाही, तरीही हे पत्र लिहीत आहे. या विषयावर समोरासमोर बोलायला बसले की माझा आवाज चढतो, आईचे डोळे भरून येतात आणि बाबा, तुम्ही उठून गच्चीवर जाता. लिहिताना मला मध्येच थांबता येते.

विषय संक्रांतीच्या दिवशीचा आहे. पतंग कटला, शेजारच्या गच्चीवरून ‘ओ काट’ची आरोळी आली आणि माझ्या चिनूने चक्री भिंतीवर आपटली. त्यानंतर पाऊण तास तो जिन्यात बसून रडत होता, जेवलाही नाही. ‘एवढ्याशा पतंगासाठी?’ असे बाबा म्हणाले, आणि आई म्हणाली, ‘अगदी हिच्यावर गेला आहे.’ पहिले वाक्य ऐकतच मी मोठी झाले, आणि दुसरे खरे आहे. म्हणून त्याच्या वतीने मीच लिहिते.

तुम्हाला आजवर न सांगितलेली एक गोष्ट आधी सांगते. सत्ताविसाव्या वर्षी मी वर्षभर एका समुपदेशक बाईंकडे जात होते. तुम्हाला कळवले असते तर आपलेच काही चुकले असे तुम्हाला वाटले असते, म्हणून बोलले नाही. मार्शा लिनेहन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी केलेली मांडणी मला तिथे समजली. स्वतः तरुण वयात रुग्णालयात काढलेल्या दिवसांविषयी या बाई २०११ साली जाहीरपणे बोलल्या. त्यांच्या मते काही माणसांना भावना लवकर जाणवते, जाणवली की ती इतरांपेक्षा जोराची असते, आणि ओसरायलाही तिला जास्त वेळ लागतो. यातली तिसरी गोष्ट घरच्यांच्या सहसा लक्षात येत नाही. मे महिन्यात आपल्या गच्चीची फरशी सूर्य मावळल्यावरही बराच वेळ पावलांना गरम लागते, आणि तेव्हा फरशी हट्ट करते असे आपण म्हणत नाही. चिनूचा पाऊण तास तसाच होता.

हा स्वभाव बऱ्याच अंशी जन्मतःच येतो. अलेक्झांडर टॉमस आणि स्टेला चेस या दाम्पत्याने १९५६ पासून न्यूयॉर्कमध्ये तान्ह्या मुलांच्या स्वभावाचा अनेक वर्षे अभ्यास केला आणि स्वभावाची ९ अंगे नोंदवली. प्रतिक्रियेची तीव्रता हे त्यांतले एक. तीव्र असणे हा त्यांनी दोष मानला नाही. मुलाचा स्वभाव आणि घराच्या अपेक्षा यांचा मेळ बसतो की नाही, यावर पुढचे बरेच काही ठरते, असे त्यांचे म्हणणे होते. (स्वतःला इजा करण्याची किंवा मरणाची भाषा कोणी करू लागले, तर मात्र तो नुसता स्वभाव समजून थांबू नये, टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतसेवेचा १४४१६ हा मोफत क्रमांक त्यासाठीच आहे, आणि तो मी आपल्या फ्रिजवरही लिहून ठेवणार आहे.)

मेळ कसा बिघडतो, हे मी स्वतः अनुभवले आहे. मुलाला लागले आहे आणि घर म्हणते की लागण्यासारखे काही झालेच नाही. मग मूल एकतर स्वतःच्या जाणिवेवरचा विश्वास गमावते आणि सगळे गिळू लागते, किंवा हळू सांगून कोणी ऐकत नाही म्हणून ओरडून सांगायला शिकते. मी दोन्ही केले. आई, इतवारीत मारबतीचा पुतळा जाळायला मिरवत नेताना सारे ‘इडा पिडा घेऊन जा गे मारबत’ म्हणत आणि तू माझा हात धरून म्हणायचीस, ‘पोरीचा राग घेऊन जा गे मारबत.’ तुझ्या आवाजात काळजी होती हे आज कळते. तेव्हा मात्र वाटायचे की माझ्यातले काहीतरी गावाबाहेर नेऊन जाळण्याच्याच लायकीचे आहे.

पण हे पत्र तक्रारीचे नाही, कारण तुम्ही दोघांनी नकळत केलेल्या काही गोष्टी अगदी अचूक होत्या. मी थरथरत असले की आई मला परसातल्या विहिरीवर नेऊन चेहऱ्यावर गार पाणी मारायची. चेहऱ्याला गार पाणी लागले की हृदयाचे ठोके संथ होतात, हे शरीरशास्त्र आहे, आणि माझ्या समुपदेशक बाईंनी मला नेमके तेच करायला सांगितले होते. बाबा, तुम्ही मला स्कूटरवर मागे बसवून फुटाळ्याला न्यायचे आणि पाण्याकडे बघत अर्धा तास काहीही न बोलता बसायचे. घरी परतताना मी आपणहून बोलू लागायची. उपदेशापेक्षा त्या बसण्यानेच मला सावरले. मेंदूचा विचार करणारा भाग भर रागात नीट काम करत नाही, त्यामुळे त्या क्षणी समजावलेले पोहोचत नाही. शेजारचे शांत माणूस मात्र पोहोचते.

पुढचे काम बाबांचे आहे, कारण ते संस्कृतच्या शिक्षकालाच शोभेल. मनात काय चालले आहे त्याला नेमका शब्द मिळाला की भावनेचा जोर उतरू लागतो. २००७ साली कॅलिफोर्नियात झालेल्या मॅथ्यू लीबरमन यांच्या प्रयोगात, चित्रातल्या चेहऱ्यावरील भावनेला शब्द देताना मेंदूतल्या अमिग्डाला या भीतीसारख्या भावनांशी जोडलेल्या भागाची सक्रियता कमी झालेली दिसली. आपल्या घरात मात्र सगळ्यालाच ‘राग’ म्हणतात. भरतमुनींनी नाट्यशास्त्रात ८ स्थायी (टिकून राहणारे) आणि ३३ व्यभिचारी (येणारे-जाणारे) भाव सांगितले, हे तुम्ही मुलांना तीस वर्षे शिकवलेत. त्यांतला अमर्ष, म्हणजे अपमान सहन न होणे, हा क्रोधाहून वेगळा मोजला आहे, हेही तुम्हीच मला सांगितले होते. मराठीतही चीड, त्रागा, वैताग, रुसवा, हिरमोड असे किती शब्द आहेत. रात्री घरी आल्यावर मी चिनूला हे शब्द एकेक करून विचारले. ‘हिरमोड’ला त्याने मान हलवली आणि म्हणाला, ‘आबांनी आणि मी दोरा बांधला होता. तो पतंग आमचा होता.’ आबा म्हणजे तुम्हीच, बाबा. त्याच्या लेखी तो एवढासा पतंग नव्हता.

चक्री आपटणे चूकच होते, आणि ते त्याला मी सांगितले आहे. रविवारी तो तुमच्याकडे येऊन गुंतलेला दोरा स्वतः सोडवणार आहे. भावना समजून घेतली म्हणजे वागण्याला मोकळीक दिली, असे होत नाही. फक्त आधी भावना आणि मग वागणे, एवढा क्रम मी मागते आहे. दोरा सोडवताना तो पुन्हा रडकुंडीला येईल, कारण गुंता फार झाला आहे. तेव्हा आईने त्याच्या तोंडावर पाणी मारावे, आणि बाबा, तुम्ही त्याच्या शेजारी बसावे. तो विचारेपर्यंत कृपया गाठ सोडवायला हात लावू नका.

तुमची,
ताई

ता. क. तिळाच्या वड्यांचा डबा चिनू त्या दिवशी जिन्यातच विसरला होता. त्यातल्या दोन वड्या आबांसाठी आहेत, असा निरोप आहे.