चिठ्ठीशिवाय अँटिबायोटिक नको

महोदय,

पावसाळा लागला की नागपुरात घरोघरी पोटं बिघडतात, आणि औषधाच्या दुकानात ‘जुलाबाची गोळी द्या’ म्हटलं की कित्येकदा चिठ्ठी न विचारता अँटिबायोटिक हातात पडतं. साध्या जुलाबात बहुतेकदा ओआरएस आणि विश्रांती पुरते. अँटिबायोटिक मात्र रोगजंतूंसोबत आतड्यातले उपयोगी जीवाणूही मारतं. ते परत यायला आठवडे, कधी महिने लागतात. काही प्रकार तर परततही नाहीत. डॉक्टरांनी दिलेला कोर्स जरूर पूर्ण करावा, माझा राग मनानेच घेतलेल्या गोळ्यांवर आहे.

नंतर लोक महागड्या प्रोबायोटिक, म्हणजे उपयोगी जीवाणू भरलेल्या, कॅप्सूल शोधतात. त्यांनी मूळचे जीवाणू लवकर परततात, असं पक्कं सिद्ध झालेलं नाही. त्या जीवाणूंना हवा असतो चोथा (फायबर), आणि तो आपल्या वऱ्हाडी-नागपुरी ताटात भरपूर आहे: ज्वारीची भाकरी, अंबाडीची भाजी, बरबटी (चवळी), तुरीचं वरण. पोट सावरलं की हे हळूहळू वाढवावं. सोबत घरी विरजलेल्या दह्याचं ताजं ताक घ्यावं. कढी चवीला उत्तमच, पण उकळल्यावर त्यातले जीवाणू जिवंत राहत नाहीत.

१ मार्च २०१४ पासून अनुसूची एच-१ (चिठ्ठीवरच विकायच्या काही औषधांची सरकारी यादी) मधल्या अँटिबायोटिक्सच्या विक्रीची वेगळी नोंदवही ठेवणं दुकानदारांना बंधनकारक आहे. अन्न व औषध प्रशासनाने सीताबर्डीपासून वस्त्यांमधल्या छोट्या दुकानांपर्यंत या नोंदवह्या पावसाळ्यातच तपासाव्यात, ही कळकळीची विनंती.

— एक वाचक, महाल, नागपूर