रेषा काढण्याआधी अक्षांवर बघ

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

लेक प्रत्येक रेषीय समीकरणासाठी पाच-सहा किमतींचा तक्ता करत बसते आणि तरीही आलेख वाकडा येतो, असं तू लिहिलंस. तक्त्यात चूक काही नाही, पण सरळ रेषेला एवढे बिंदू लागतच नाहीत. दोन पुरतात, आणि रेषा अक्षांना जिथे छेदते ते दोन बहुतेक वेळा तोंडी निघतात.

३क्ष + ४य = १२ घे. क्ष-अक्षावरच्या प्रत्येक बिंदूचा य-निर्देशक शून्य असतो, म्हणून तिथला छेदबिंदू हवा तर य = ० ठेवायचं: ३क्ष = १२, क्ष = ४, बिंदू (४, ०). मग क्ष = ० ठेवायचं: ४य = १२, य = ३, बिंदू (०, ३). शून्य ठेवायचं एका अक्षराला आणि बिंदू सापडतो दुसऱ्याच्या अक्षावर, इथेच मुलं गोंधळतात. क्ष = ० ठेवलं की उत्तर क्ष-अक्षावर मांडून मोकळी होतात. म्हणून तिला नुसतं ‘क्ष ४, य ३’ असं लिहू देऊ नकोस. (४, ०) अशी आधी क्ष, मग य असलेली पूर्ण क्रमित जोडी लिहायची सवय लाव. त्यामुळे दुसरी चूकही टळते, ती म्हणजे दोन्ही उत्तरं जोडून (४, ३) हा एकच बिंदू मांडणं. तो समीकरणात घालून बघायला सांग: १२ + १२ = २४. तो रेषेवर नाहीच.

चिन्हांकडे मात्र नीट लक्ष दे. २क्ष − ५य = १० मध्ये क्ष = ० ठेवायचं म्हणून क्षचं पद बोटाने झाकलं की उरतं −५य = १०, म्हणजे य = −२. घाईत ते वजा बोटाखालीच राहतं आणि (०, २) मांडला जातो. समीकरण ३क्ष + ४य − १२ = ० असं दिलं असेल, तर आधी १२ उजवीकडे न्यायचे, नाहीतर दोन्ही छेदबिंदू उलट्या बाजूला जातात.

आता सगळ्यात महत्त्वाचं. कुठल्याही दोन बिंदूंतून सरळ रेषा जातेच, त्यामुळे दोनच बिंदू घेतले तर चुकीची रेषाही तितकीच सुबक दिसते. तिसरा बिंदू काढल्याशिवाय तिला पट्टी हातात घेऊ देऊ नकोस. २क्ष − ५य = १० मध्ये क्ष = −५ घातलं की य = −४ येतं. (५, ०), (०, −२) आणि (−५, −४) एका रेषेत बसतात. (०, २) मांडला असेल, तर पट्टी (−५, ४) कडे जाते आणि चूक लगेच दिसते. तिसरा बिंदू शक्यतो पहिल्या दोघांपासून लांबचा आणि पूर्णांकी घ्यायचा. शिवाय नजरेनेही पडताळा घेता येतो: दोन्ही पदं बरोबरच्या चिन्हाच्या एकाच बाजूला असताना क्ष आणि य यांच्या सहगुणकांची (म्हणजे त्यांच्या आधीच्या आकड्यांची) चिन्हं सारखी असतील तर रेषा डावीकडून उजवीकडे उतरते, वेगळी असतील तर चढते.

ही रीत सगळीकडे चालते असं मात्र नाही. २क्ष − ३य = ० मध्ये दोन्ही वेळा (०, ०) च मिळतो, कारण रेषा आरंभबिंदूतून जाते. तिथे (३, २) आणि (−३, −२) घ्यायचे. क्ष = ४ या रेषेत य नाहीच. क्षच्या जागी ० घातलं तर ० = ४ असं अशक्य काहीतरी येतं. त्याचा अर्थ एवढाच, की ती य-अक्षाला समांतर आहे आणि त्याला कधीच भेटत नाही.

माझ्या मते खरी फसगत होते ती छेदबिंदू फार जवळ असले की. ५क्ष + ४य = २ चे छेदबिंदू ०.४ आणि ०.५ वर येतात. १ सेमी = १ एकक घेतलं तर त्यांच्यात जेमतेम साडेसहा मिमी अंतर पडतं. एक ठिपका अर्धा मिमी सरकला, तर १० सेमी पुढे रेषा सात-आठ मिमी भरकटू शकते. तिचा आलेख वाकडा येतो त्याचं कारण बऱ्याचदा हेच असेल. अशा वेळी (−२, ३) आणि (२, −२) असे लांबचे पूर्णांकी बिंदू घ्यावेत. ३क्ष + ७य = ८ मध्ये छेदबिंदू अपूर्णांकात येतात, तिथेही (५, −१) आणि (−२, २) बरे. एक पूर्णांकी बिंदू सापडला की क्ष ७ ने वाढवायचा, य ३ ने कमी करायचा, की पुढचा मिळतो.

प्रमाण, म्हणजे १ सेमीला किती एकक, ठरवायचं ते छेदबिंदू काढल्यावर, आधी नाही. टाकीत २४० लिटर पाणी आहे आणि मिनिटाला १५ लिटर जातंय, तर य = २४० − १५क्ष. छेदबिंदू (०, २४०) आणि (१६, ०). क्ष-अक्षावर १ सेमी = २ मिनिटं आणि य-अक्षावर १ सेमी = २० लिटर घेतलं, तर ८ सेमी आणि १२ सेमी जागा लागते. दोन अक्षांवर वेगळं प्रमाण चालतं, फक्त ते कागदाच्या कोपऱ्यात लिहायचं. इथे छेदबिंदूंना अर्थही आहे: एक सुरुवातीचं पाणी सांगतो, दुसरा टाकी रिकामी व्हायची वेळ. म्हणून रेषा त्या दोघांच्या मध्येच काढायची. बाण करून पुढे नेली, तर टाकीत उणे पाणी दिसू लागेल.

तिला ही चार दे: ४क्ष − ३य = २४, य = −३क्ष, ५य = २० आणि ६क्ष + ५य = ४. पेन्सिल उचलायच्या आधी, कुठे छेदबिंदू पुरतील आणि कुठे दुसरे बिंदू शोधावे लागतील, ते तिला तोंडी सांगू दे. आलेख काढून झाले की फोटो पाठव, मी बघून कळवतो.

तुझा मित्र